घ्यायचा आणि पाडायचा : रॉबर्ट ब्रूस आणि स्कॉटलंडचे किल्ले

6 डिसेंबर 1312 च्या रात्री स्कॉटलंडचा राजा रॉबर्ट ब्रूस याच्या माणसांनी इंग्रजांच्या ताब्यातल्या बेरिक या सरहद्दीवरच्या गावाच्या तटाला दोन शिड्या लावल्या. आत कुणाला पत्ता नव्हता. तेवढ्यात एक कुत्रा भुंकला, पहारा जागा झाला, आणि शिड्या तिथेच सोडून माणसांना अंधारात पळावं लागलं. इंग्रजांनी त्या शिड्या गावात सगळ्यांना दिसतील अशा टांगून ठेवल्या. कार्लाइलजवळच्या लॅनरकॉस्ट मठाशी जोडलेल्या बखरीत या शिडीचं इतकं बारीक वर्णन आहे की ते वाचून आजही कुणी तशी शिडी बनवू शकेल. बखरकार ब्रूसच्या शत्रुपक्षातला. त्यामुळे या वर्णनाला जास्तच वजन आहे.

तटाच्या उंचीएवढे दोन मजबूत दोर घ्यायचे आणि प्रत्येकाच्या खालच्या टोकाला गाठ मारायची. सुमारे अडीच फूट लांब, अर्धा फूट रुंद आणि एका माणसाचं वजन पेलेल अशी फळी घेऊन तिच्या दोन्ही टोकांना भोकं पाडायची. भोकांतून दोर ओवले की फळी गाठींवर टेकते. दीड फूट वर पुन्हा गाठी, पुन्हा फळी, असं शेंड्यापर्यंत. वर लोखंडी आकडा, गोल नव्हे तर कोनात वाकवलेला. त्याची एक बाजू निदान फूटभर, ती तटाच्या माथ्यावर आडवी बसते. दुसरी तेवढीच बाजू खाली लोंबते. तिच्या टोकाला एक गोल भोक आणि दोन अंगांना दोन कड्या. कड्यांना दोर बांधायचे. भोकात तटाइतक्या लांब भाल्याचं टोक घालायचं, दोघांनी भाला उभा उचलायचा आणि आकडा तटावर टेकवायचा. चढणाऱ्याचं वजन जितकं जास्त, तितका आकडा घट्ट बसतो. दोर तटाला चिकटले तर पाय ठेवायला जागा राहत नाही, म्हणून दर तिसऱ्या फळीला दोर भिंतीपासून दूर ढकलणारे टेकू.

या मापाने वीस फुटी तटाला तेरा-चौदा फळ्या पुरतात. शिडीची वळकटी करून ती रानातून, अंधारात, गाडीशिवाय नेता येते. ती करायला एक सुतार, एक लोहार आणि दोर वळणारा एवढी माणसं लागतात.

आता दुसरी बाजू. 1304 मध्ये एडवर्ड पहिल्याने स्टर्लिंगच्या किल्ल्याला वेढा घातला तेव्हा त्याच्याकडे धोंडे फेकणारी डझनभर यंत्रं होती. त्यांच्या वजनांसाठी चर्चच्या छपरांवरचं शिसं उतरवलं होतं. सगळ्यात मोठं यंत्र 'वॉरवुल्फ'. ते उभं करायला पन्नासेक सुतार लागले, आणि ते तयार होण्याआधी किल्ला शरण यायला निघाला तरी राजाने ती शरणागती लगेच घेतली नाही, कारण यंत्र चालवून पाहायचं होतं. एप्रिल ते जुलै असे तीन महिने हा वेढा चालला. किल्ला लढवत होता विल्यम ऑलिफंट नावाचा स्कॉट सरदार, अगदी थोड्या शिबंदीनिशी.

हा फरक नीट लक्षात ठेवला तर पुढचं सगळं उलगडतं. इंग्लंडचा राजा किल्ला पैशाने घेत होता आणि पैशाने राखत होता. ब्रूसकडे तो पैसा नव्हता. मग त्याने किल्ल्यांचं काय केलं आणि का केलं, हेच हे प्रकरण.

पेच

पार्श्वभूमी थोडक्यात. 1286 मध्ये अलेक्झांडर तिसरा घोड्यावरून पडून मेला. त्याची वारस असलेली नात 1290 मध्ये नॉर्वेहून येताना वारली. गादीच्या वादात पंच म्हणून बोलावलेल्या एडवर्ड पहिल्याने 1292 मध्ये जॉन बेलियलच्या बाजूने निकाल दिला आणि त्याच वेळी स्वतःला स्कॉटलंडचा सार्वभौम म्हणवून घेतलं. 1296 मध्ये त्याने बेरिक लुटलं, बेलियलला पदच्युत केलं आणि राज्याभिषेकाची शिळा स्कोनहून वेस्टमिन्स्टरला नेली. विल्यम वॉलेसचा इंग्रजांविरुद्धचा उठाव, स्टर्लिंग पुलावरचा विजय (1297), फॉलकर्कचा पराभव (1298), हे सगळं होऊन 1304 पर्यंत देश पुन्हा इंग्रजांच्या हाती गेला.

10 फेब्रुवारी 1306 रोजी डमफ्रीजच्या चर्चमध्ये ब्रूसच्या हातून त्याचा प्रतिस्पर्धी जॉन कॉमिन मारला गेला. 25 मार्चला ब्रूसने स्कोनला राज्याभिषेक करून घेतला. जूनमध्ये मेथव्हेनला अचानक झालेल्या हल्ल्यात त्याची फौज उधळली. त्याने घरच्या माणसांना किल्ड्रमीच्या किल्ल्यात पाठवलं. पुढच्या प्रत्येक निर्णयाच्या मुळाशी हा किल्ड्रमी आहे, असं आमचं मत. मजबूत दगडी किल्ला, आत ब्रूसचा भाऊ नील, बाहेर इंग्रजांचा वेढा. जॉन बार्बरचं ‘द ब्रूस’ हे स्कॉटिश काव्य सांगतं की आतल्याच लोहाराने फितूर होऊन धान्याच्या कोठाराला आग लावली. सप्टेंबरात किल्ला पडला आणि नीलला बेरिकला नेऊन ठार केलं. राणी आणि मुलगी मार्जरी आधीच निसटल्या होत्या, पण त्या उत्तरेत पकडल्या गेल्या. बहीण मेरीला रॉक्सबरा किल्ल्यात पिंजऱ्यात ठेवलं. ब्रूसच्या डोक्यावर मुकुट ठेवणाऱ्या इझाबेलाला तसंच बेरिकला.

म्हणजे किल्ला धरून बसलं की शत्रूला आपला पत्ता कळतो, आणि वेढ्याची यंत्रं त्याच्याकडे आहेत. 1307 च्या फेब्रुवारीत कॅरिकच्या किनाऱ्यावर परतलेल्या ब्रूसने पुन्हा कधी स्वतःला किल्ल्यात कोंडून घेतलं नाही.

जुलै 1307 मध्ये सरहद्दीवर एडवर्ड पहिला वारला. मुलगा एडवर्ड दुसरा आपल्याच सरदारांशी भांडण्यात गुंतला. ब्रूसला मोकळीक मिळाली, पण पेच सुटला नाही. देशभर इंग्रजी शिबंदी बसली होती : एडिनबरा, स्टर्लिंग, रॉक्सबरा, पर्थ, डमफ्रीज, लिनलिथगो, बेरिक. मोठ्या ठाण्यात शंभर-दोनशे माणसं. ती संख्या लहान वाटते, पण किल्ल्याच्या सावलीत न्यायनिवाडा चालतो, सारा गोळा होतो आणि आसपासचा जमीनदार कुणाला राजा म्हणायचं हे किल्ल्याकडे पाहून ठरवतो. शिवाय दर उन्हाळ्यात इंग्लंडची मोठी फौज आली की तिला धान्याचं कोठार आणि परतीचा आसरा तिथेच मिळतो.

याचा खर्चही पाहू. शिबंदीतल्या घोडेस्वार शिपायाला दिवसाला 12 पेन्स, साध्या पायदळाला 2 पेन्स असा दर होता. 20 स्वार आणि 100 पायदळ धरले तर दिवसाला 440 पेन्स, आणि 240 पेन्सचा पौंड धरून वर्षाला सुमारे 669 पौंड. यात धान्य, दुरुस्ती, घोड्यांची भरपाई काहीच नाही. एडवर्ड पहिल्यालाही हे झेपत नव्हतं. 1302 मध्ये लिनलिथगोला दगडी काम करायचं ठरलं होतं, ते पैशाअभावी लाकूड आणि मातीच्या कोटावर आलं. याउलट एकट्या नॉर्थंबरलंड परगण्याने 1311 मध्ये काही महिन्यांचा तह विकत घ्यायला ब्रूसला 2000 पौंड द्यायचं कबूल केलं. आपल्या हिशेबातल्या ठाण्याचा हा जवळजवळ तीन वर्षांचा पगार. हा पैसा ब्रूसने शिबंदीत अडकवला असता तर तो सरदार आणि फौज दोन्ही सांभाळू शकला नसता.

घेण्याची रीत

एक धडा उत्तरेत मिळाला. 1308 च्या नाताळच्या सुमारास प्लाटेनच्या रानाचा राखणदार फिलिप आपली माणसं घेऊन शिड्यांनी फॉरफरच्या तटावर चढला. पहारा ढिला होता. ब्रूसने तट तर पाडलाच, आतली विहीरही निकामी केली. ज्याने किल्ला घेतला तो सरदार नव्हता, रानातला माणूस होता. हे पुढेही दिसत राहतं : लिनलिथगोला गवत पुरवणारा शेतकरी, रॉक्सबराला शिड्या बनवणारा सिम, एडिनबराला पायवाट माहीत असलेला शिपाई. किल्ल्याची कच्ची बाजू त्याच्याशी रोजचा संबंध असलेल्यालाच ठाऊक असते, आणि अशा माणसाचं ऐकून घेण्याइतका हा राजा जमिनीवर होता.

त्याआधी 1307 च्या पाम संडेला, म्हणजे ईस्टरच्या आदल्या रविवारी, ब्रूसचा सरदार जेम्स डग्लस याने स्वतःचा, म्हणजे इंग्रजांनी बळकावलेला, डग्लसचा किल्ला घेतला. शिबंदी चर्चला गेली असताना हल्ला झाला. राखायला माणसं नाहीत हे डग्लसला माहीत होतं. त्याने नेता येण्यासारखं सगळं नेलं. मग तळघरात पीठ, गहू, माल्ट ओतून दारूची पिंपं त्यावर फोडली आणि कैद्यांना मारून त्याच ढिगावर टाकलं. विहिरीत मीठ आणि मेलेले घोडे टाकले आणि आग लावली. कृत्य क्रूर आहे, ते झाकायचं कारण नाही. पण यामागचा हिशेब बघा : धान्य आणि पाणी गेलं की दगडी भिंती उभ्या असल्या तरी किल्ला मेलेला असतो. इंग्रजांनी तो पुन्हा वसवला. भिंती राहिल्या तर शत्रू परत येतो, हा धडा तिथून मिळाला.

पर्थ हे पूर्ण रीत दाखवणारं उदाहरण. गावाला दगडी तट, एका बाजूला टे नदी, बाकीकडे पाण्याने भरलेला खंदक. आत किल्लेदार कोण, तर 1304 मध्ये स्टर्लिंग लढवणारा तोच विल्यम ऑलिफंट, आता इंग्रजांच्या चाकरीत. ब्रूसने सहा आठवडे वेढा दिला. समोरून हल्ला करून काही हाती लागेना. पण वेढ्याचा उपयोग त्याने मोजमापासाठी केला : खंदक कुठे उथळ आहे ते शोधून ठेवलं. मग सामानसुमान आवरून, सगळ्यांना दिसेल असा तळ उठवला. आठ दिवस दूर राहिला. आतल्यांनी सुटकेचा निःश्वास टाकला, पहारे सैल झाले. 8 जानेवारी 1313 च्या रात्री, दिवस उजाडण्याआधी, तो शिड्या घेऊन परत आला. खंदकात पहिला पाय राजाचा. हातातल्या भाल्याने तळ चाचपत, गळ्यापर्यंत पाण्यातून, जानेवारीच्या थंडीत तो पलीकडे गेला. सोबत असलेला एक फ्रेंच सरदार हे पाहून थक्क झाला आणि मागोमाग पाण्यात उतरला, असं काव्यात आहे. तटावर चढणाऱ्यांत राजा दुसरा होता. आत प्रतिकार जवळजवळ झाला नाही.

राजाने स्वतः हे करावं का? त्या रात्री तो मेला असता तर गादीला धड वारस नव्हता, राणी आणि मुलगी इंग्लंडात कैदेत होत्या. धोका अवाजवी होता असं म्हणता येईल. पण थंड पाण्यात उतरायला माणूस कचरतो तोच क्षण अशा हल्ल्याचा कस पाहतो, आणि पुढे कोण आहे यावर मागचे उतरतात की नाही ते ठरतं. पर्थचा तट पाडण्यात आला. महिन्याभरात, 7 फेब्रुवारीला, उपाशी पडलेला डमफ्रीजचा किल्ला शरण आला. तिथला किल्लेदार डुगल मॅकडावल हा ब्रूसच्या दोन भावांना पकडून मृत्यूच्या दारात पाठवणारा. त्यालाही त्याने जिवंत सोडलं. शरण आलं तर जीव वाचतो हे कळलं की पुढचा किल्ला लवकर उघडतो, हे त्यामागचं कारण असावं.

लिनलिथगोला शिडी लागलीच नाही. तिथल्या कोटाला गवत पुरवणारा शेतकरी विल्यम बनॉक. 1313 मध्ये, सुगीच्या दिवसांत, त्याने गाडीत गवताखाली आठ माणसं लपवली, बाकीची जवळच दडवली. गाडी दरवाजाच्या बरोबर मध्ये आली की जोत कुऱ्हाडीने तोडायचं, म्हणजे गाडी तिथेच रुतून बसते. वरून सोडायचा लोखंडी जाळीचा दरवाजा खाली आला तरी गाडीवर अडकतो. सगळा बेत त्या एका जागेवर अवलंबून. गाडी हातभर अलीकडे थांबली तर दरवाजा समोर पडतो, पलीकडे गेली तर आठजण आत कोंडले जातात. बनॉकचा अंदाज चुकला नाही. रोज ये-जा करणाऱ्याचा तो चुकत नाही. ब्रूसने त्याला जमीन दिली आणि कोट पाडून टाकला.

आता 1314 चा वसंत. 19 फेब्रुवारीला, चाळीस दिवसांचा उपास सुरू होण्याच्या आदल्या रात्री, रॉक्सबराची शिबंदी नाचगाण्यात होती. गोव्यात ज्याला इंत्रूज म्हणतात त्या सणाचाच हा शेवटचा दिवस. डग्लसने साठेक माणसं घेतली, चिलखतावर काळे अंगरखे चढवले आणि संधिप्रकाशात सगळे गुडघ्या-हातांवर रांगत निघाले. तटावरच्या पहारेकऱ्यांना वाटलं, सणाच्या नादात कुणा शेतकऱ्याने बैल बाहेर सोडलेत. सिमने अंबाडीच्या दोरांची, लाकडी पायऱ्यांची शिडी केली होती. आकडा दगडाला लागताना आवाज झाला. या शिडीचा हाच खरा दोष : लोखंड दगडावर आपटतं. एक पहारेकरी बघायला आला, पहिल्या चढलेल्या सिमने त्याला आवाज करू दिला नाही. किल्लेदार विल्यम द फिएन्स एका बुरुजात शिरून लढला, चेहऱ्यावर बाण लागल्यावर शरण आला. पाडकामाला ब्रूसने आपला भाऊ एडवर्ड याला पाठवलं.

महिना उलटायच्या आत, 14 मार्चला, एडिनबरा. ब्रूसचा सरदार टॉमस रँडॉल्फ याचा वेढा रखडला होता. उभ्या कड्यावरचा हा किल्ला, पोचायला एकच सोपी बाजू. विल्यम फ्रान्सिस नावाचा माणूस पुढे आला. तरुणपणी तो याच किल्ल्यात राहत असे आणि गावातल्या एका मुलीला भेटायला रात्री उत्तरेच्या कड्याने उतरत असे. वाट त्याच्या पायाला माहीत होती. तट तिथे बुटका, बारा फुटी शिडी पुरेल असं त्याने सांगितलं. कारण साधं आहे : जिथून कुणी येणार नाही असं वाटतं तिथे भिंत उंच बांधायला पैसा कोण घालतो? तीसजण चढले. अर्ध्या वाटेवरच्या कपारीत दम खाताना वरून एका पहारेकऱ्याने गंमत म्हणून दगड भिरकावला आणि ‘दिसलात रे मला’ अशा अर्थाचं काहीतरी ओरडला. कुणी हललं नाही. दगड डोक्यावरून गेला. त्याच वेळी बाकी फौज दरवाजाशी गोंधळ घालत होती, शिबंदी तिकडे धावली. पाडकामातून सेंट मार्गारेटचं छोटं प्रार्थनाघर तेवढं वाचलं. बाराव्या शतकातली ती वास्तू आजही तिथे आहे.

पाडायचा म्हणजे किती?

मराठी वाचकाला इथे अडखळायला होतं. आपल्या मनात गड म्हणजे राज्याचा जीव. घेतलेला गड पाडायचा हे पचत नाही. फरक भूगोलात आणि मालकीत आहे. सह्याद्रीतला गड डोंगरामुळे अवघड असतो आणि थोडक्या माणसांत राहतो. स्कॉटलंडची ही मोठी ठाणी बहुतेक सखल भागात, नदी वा खाडीजवळ, गावाला लागून. समुद्रावर इंग्रजांची जहाजं, त्यामुळे रसद त्यांना पोचवणं सोपं, ब्रूसला अवघड. लॅनरकॉस्टचा बखरकारही कारण हेच देतो : इंग्रजांनी किल्ले धरून पुन्हा देशावर सत्ता गाजवू नये.

पाडणं म्हणजे शेवटचा दगड हलवणं नव्हे. इतक्या माणसांना आणि इतक्या घाईत ते जमतही नाही. पुढचा उन्हाळा येईपर्यंत जागा शिबंदीच्या कामाची राहू नये, एवढं पुरतं. त्यासाठी दरवाजा आणि त्यावरचे बुरूज, तटाचे कोपरे, छपराची लाकडं, कोठार, विहीर, ही मर्मं गाठायची. तट पाडायची तेव्हाची सरधोपट रीत म्हणजे पायाखाली खणत जायचं, खणलं तिथे लाकडी टेकू द्यायचे आणि शेवटी टेकूंना आग लावायची. टेकू जळले की वरचं बांधकाम आपल्याच वजनाने बसतं. तोफेच्या दारूची गरज नाही. एडिनबराचे बुरूज असे खालून पोखरून पाडल्याचं काव्य सांगतं. हे पुन्हा उभारायचं तर गवंडी, चुना, लाकूड, पगार आणि काही वर्षं हवीत, आणि या काळात कामगारांच्या रक्षणाला फौज बसवावी लागते. ब्रूसचे दोन आठवडे विरुद्ध इंग्लंडची कित्येक वर्षं.

स्वतःच्या बाजूने आलेल्यांचेही किल्ले यातून सुटले नाहीत. युस्टस मॅक्सवेल बाजू बदलून ब्रूसकडे आला आणि त्याने आपला कार्लाव्हरॉक स्वतः मोडला. राजाने त्याला साऱ्यात सूट देऊन भरपाई केली. भरपाईचं हे कलम महत्त्वाचं. सरदाराला किल्ला म्हणजे घर आणि अब्रू. ती मोडायला लावायची तर बदल्यात काही द्यावंच लागतं.

एक करार आणि मोडलेला नियम

स्टर्लिंगला गाडं अडकलं. वेढ्यावर होता एडवर्ड ब्रूस, आत किल्लेदार फिलिप मोब्रे. शिडी, फितुरी, गवताची गाडी, काहीच न चालल्याने एडवर्डने त्या काळात रूढ असलेला करार केला : 24 जून 1314 पर्यंत इंग्रजी फौज सोडवायला आली नाही तर किल्ला स्वाधीन. राजा संतापला, आणि त्याचा संताप रास्त होता. सात वर्षं त्याने मोठी मैदानी लढाई टाळली होती. आता भावाने इंग्लंडच्या राजाला तारीख आणि जागा दोन्ही देऊन टाकली. एडवर्ड दुसऱ्याला अब्रूखातर यावंच लागलं. 21,640 पायदळाचे हुकूम सुटले. प्रत्यक्षात त्याहून बरेच कमी आले असावेत, तरी सोबत दोनेक हजार घोडदळ होतं. ब्रूसकडे बहुतेक अभ्यासकांच्या अंदाजाने पाच ते सात हजार पायदळ आणि पाचेकशे हलके स्वार.

बॅनकबर्नची लढाई इथे सविस्तर सांगायची गरज नाही. किल्ल्यांच्या गोष्टीशी जुळतं तेवढं पाहू. जागा ब्रूसने तशीच निवडली जशी तटावरची कच्ची बाजू निवडायचा : रस्त्याच्या एका अंगाला रान, दुसऱ्या अंगाला ओढ्यांची पाणथळ जमीन. रस्त्याकडेला गुडघाभर खोल, फूटभर रुंद असे खड्डे खणून वर काटक्या आणि गवत पसरलं. घोडदळाला फाकायला जागाच राहिली नाही. 23 जूनला इंग्रजांकडचा हेन्री द बोहन भाला रोखून एकट्या राजावर धावला. ब्रूसने छोट्या घोड्यावरून बगल देऊन कुऱ्हाडीच्या एका घावात त्याला पाडलं. रँडॉल्फच्या भालेकऱ्यांनी इंग्रज सरदार क्लिफर्डच्या स्वारांना परतवलं. त्या रात्री इंग्रजी फौज ओढ्यांमधल्या सखल, ओल्या जमिनीत उतरली. सकाळी भालेकऱ्यांचे दाट जथे चालून आले तेव्हा तिला मागे सरकायला वाव उरला नाही. इंग्रज तिरंदाज एका बाजूला जमले, पण हलक्या स्वारांनी त्यांना उधळलं. 1298 मध्ये फॉलकर्कला असेच उभे जथे बाणांनी विंधले गेले होते. इथे जथे चालत होते आणि तिरंदाजांचा बंदोबस्त आधी ठरला होता.

हरलेला एडवर्ड दुसरा स्टर्लिंगच्या दरवाजाशी आला. मोब्रेने त्याला आत घेतलं नाही. कराराप्रमाणे किल्ला आता द्यायचा आहे, राजा आत आला तर किल्ल्याबरोबर तोही पकडला जाईल, हे त्याने सांगितलं. राजा वळसा घालून डनबारकडे पळाला. बॉथवेलच्या किल्ल्यात आसरा घेतलेल्या अर्ल ऑफ हेरफर्ड या बड्या इंग्रज सरदाराला तिथल्या किल्लेदाराने ब्रूसच्या हवाली केलं, आणि त्याच्या बदल्यात ब्रूसची राणी, मुलगी, बहीण आठ वर्षांनी घरी आल्या. एडिनबरा, रॉक्सबरा उभे असते तर पळणाऱ्या फौजेला वाटेत दोन मोठे आसरे मिळाले असते. स्टर्लिंगही पाडलं. 6 नोव्हेंबरला कँबसकेनेथ मठात संसद भरली. जे अजून शरण आले नव्हते त्यांच्या स्कॉटलंडमधल्या जमिनी जप्त झाल्या.

जिथे रीत फसली

जुलै 1315 मध्ये ब्रूस इंग्लंडातल्या कार्लाइलवर गेला. आत इंग्रज किल्लेदार अँड्र्यू हार्कले, सावध आणि तयार. इथे अंधार, कुत्रा, सण काहीच नव्हतं. उघड वेढ्याची ती यंत्रं ब्रूसला पहिल्यांदा नीट वापरायची होती. त्याचं एकच धोंडाफेकी यंत्र पश्चिमेच्या दरवाजावर दगड टाकत राहिलं. त्याने एक माणूस मेला. आत तशी सात-आठ यंत्रं. तटाहून उंच लाकडी मनोरा चाकांवर बांधला, तर पावसाने भिजलेल्या जमिनीत चाकं रुतली आणि तो तटापर्यंत पोचलाच नाही. आतल्या सुतारांनी तोवर आपल्या बुरुजावर त्याहून उंच मनोरा चढवला होता. खंदक भरायला कापलेल्या पिकाचे भारे टाकले, ते कमी पडले. ओंडक्यांचे चाकावरचे पूल खंदकात बुडाले. शेवटी एका बाजूला मोठा हल्ला आणि दुसरीकडे डग्लसच्या शिड्या, ही जुनी एडिनबराची युक्ती. पण जागत्या शिबंदीपुढे ती चालली नाही. अकराव्या दिवशी स्कॉट यंत्रं तिथेच टाकून परतले. शिडीच्या यशामागे सामान नव्हतं, अनपेक्षितपणा होता. तो गेला की सामानाचा प्रश्न उरतो, आणि त्यात ब्रूस दुबळाच होता.

बेरिकचा विचार त्याने वेगळा केला. एप्रिल 1318 मध्ये आतल्याच पीटर स्पॉल्डिंगच्या मदतीने गाव घेतलं, किल्ला काही आठवड्यांनी पडला. हे मात्र पाडलं नाही. देशाचं सर्वांत श्रीमंत बंदर, लोकर आणि कातड्याचा व्यापार इथून चाले, जहाजाने रसद आणता येत होती. ठेवण्याचा खर्च भरून निघेल असं हे एकच मोठं ठाणं. जावई वॉल्टर स्टुअर्टकडे ते सोपवलं. सप्टेंबर 1319 मध्ये इंग्रजांनी वेढा दिला तेव्हा जॉन क्रॅब या फ्लेमिश कारागिराने तटावर उचलयंत्र बसवून खालच्या आच्छादित गाड्यावर जळते भारे सोडले. डग्लस आणि रँडॉल्फ त्याच वेळी यॉर्कशरमध्ये घुसले. 20 सप्टेंबरला मायटनला त्यांनी घाईने जमवलेल्या फौजेची दाणादाण उडवली, आणि वेढा उठला. मार्च 1328 मध्ये एडिनबरामध्ये तह ठरला. इंग्लंडने ब्रूसला स्वतंत्र राज्याचा राजा मानलं. 7 जून 1329 रोजी कार्ड्रॉसला तो वारला.

आता या धोरणाची उधारी. ब्रूसचा मुलगा डेव्हिड पाच वर्षांचा असताना गादीवर बसला. 1332 नंतर एडवर्ड तिसऱ्याच्या पाठबळाने शत्रू परत आला तेव्हा राजाला लपवायला, फौजेला टेकायला मजबूत जागा फार थोड्या होत्या. वाईट दिवसांत पाचच किल्ले डेव्हिडच्या नावाने टिकले : डंबार्टन, लॉख लेव्हन, किल्ड्रमी, अर्कर्ट आणि लॉख डून. इंग्रजांना मात्र एडिनबरा, स्टर्लिंग, रॉक्सबरा पुन्हा बांधत बसावं लागलं, तोच जुना खर्च.

एप्रिल 1341 मध्ये एडिनबरा पुन्हा स्कॉटांकडे आलं. जेम्सच्याच घराण्यातल्या विल्यम डग्लसची माणसं व्यापारी बनून रसद घेऊन गेली आणि ओझी दरवाजातच टाकली, जाळीचा दरवाजा खाली येईना. बनॉकची गाडी पुन्हा एकदा. यावेळी किल्ला पाडला नाही. 1360 च्या दशकाच्या अखेरीस डेव्हिडने त्याच कड्यावर, वडिलांच्या माणसांनी तट उतरवला होता तिथे, तीस मीटरहून उंच दगडी मनोरा बांधायला घेतला.